बेंचपर्यंतचा रस्ता

ऑगस्ट २०२१. टोकियो पॅरालिम्पिकमधला स्त्रियांचा ५० किलो वजनगट. पश्चिम बंगालच्या बशीरहाटची सकिना खातून बेंचवर उताणी झोपली होती. दोन्ही पाय बेंचवरच सरळ पसरलेले. पहिल्या प्रयत्नात तिने ९० किलो उचलले होते. दुसऱ्यात ९३ मागितले, पण पंचांनी ती लिफ्ट बाद केली. तिसऱ्या आणि शेवटच्या प्रयत्नात तिने पुन्हा ९३ किलोच मागितले. या वेळी लिफ्ट मान्य झाली आणि सकिना पाचवी आली.

पाचव्या क्रमांकाला पदक नसतं, त्यामुळे त्या दिवसाची फारशी चर्चा आपल्याकडे झाली नाही. पण पॅरालिम्पिकच्या पॉवरलिफ्टिंगमध्ये उतरलेली ती पहिली भारतीय स्त्री होती. तिची कारकीर्द नीट पाहिली की दोन प्रश्न समोर येतात. बेंचवर झोपल्यावर त्या स्त्रीला नेमकं काय करावं लागतं? आणि त्या बेंचपर्यंत ती पोहोचते कशी? पहिल्या प्रश्नाचं उत्तर नियमपुस्तकात मिळतं. दुसऱ्याचं उत्तर दवाखाना, घर, एसटीचा थांबा, तालुक्याची कचेरी आणि गावातली जिम अशा ठिकाणी शोधावं लागतं. या प्रकरणात तो शोध आपण बशीरहाटपासून सुरू करून अहिल्यानगर जिल्ह्यातल्या तिसगावपर्यंत आणणार आहोत.

दोन मिनिटांचा खेळ

पॉवरलिफ्टिंगमध्ये एरवी तीन प्रकार असतात: स्क्वॉट, बेंच प्रेस आणि डेडलिफ्ट. खांद्यावर बार घेऊन बसून उठणं किंवा जमिनीवरून बार उचलणं यांत पायांचं काम मोठं. पॅरा पॉवरलिफ्टिंगमध्ये यातला फक्त बेंच प्रेस असतो आणि तोही वेगळ्या पद्धतीने केला जातो.

गावच्या जिममधला बेंच आखूड आणि अरुंद असतो. त्यावर पाठ टेकते आणि पाय खाली जमिनीवर येतात. जाणता खेळाडू टाचा जमिनीत रोवतो, मांड्या ताणतो आणि तो रेटा कंबरेतून छातीपर्यंत आणतो. पॅरा खेळाडूचा बेंच २.१ मीटर लांब असतो आणि त्याचा मुख्य भाग ६१ सेंटिमीटर रुंद. डोक्याकडे तो निमुळता होतो, म्हणजे खांदे मोकळे राहतात. पायही बेंचवरच ठेवायचे असतात. हवं असेल तर ते पट्ट्याने बांधून घेता येतात. जमिनीचा आधार इथे कुणालाच मिळत नाही. जे काही करायचं ते छाती, खांदे आणि दंड यांच्या जोरावर.

बारचं वजन २० किलो. दोन्ही टोकांना प्लेटा धरून ठेवणारे कॉलर प्रत्येकी अडीच किलोचे. म्हणजे एकही प्लेट न लावता २५ किलो झाले. खेळाडूचं नाव पुकारलं की घड्याळ सुरू होतं. त्याच्या दोन मिनिटांत तिने बेंचवर येऊन, पकड घेऊन लिफ्ट सुरू करायची असते. बार रॅकवरून सुटतो आणि तिचे हात सरळ ताठ होतात. मुख्य पंच ‘स्टार्ट’ म्हणतो. मग बार सावकाश छातीवर आणायचा आणि तिथे पूर्ण थांबवायचा. थांबल्यावर दोन्ही हात एकाच चालीने वर न्यायचे आणि कोपरं ताठ करायची. ‘रॅक’ हा हुकूम आला की काम संपलं. तीन पंच असतात आणि पांढरा किंवा लाल दिवा लावतात. दोन पांढरे दिवे लागले तर लिफ्ट मान्य होते.

या सगळ्यात सर्वांत अवघड भाग म्हणजे छातीवरचा थांबा. खाली येणाऱ्या बारला छातीवर उसळी घेऊ दिली तर तोच वेग वर जायला मदत करतो. म्हणूनच नियम तो वेग मारून टाकायला सांगतो. बार स्थिर झाल्यावर स्नायूंना शून्यातून सुरुवात करावी लागते. थांबल्यानंतर बार छातीत थोडा जरी रुतला, एक हात दुसऱ्याच्या मागे राहिला, वर जाताना बार तिरका झाला, तरी लाल दिवा लागतो. बार वर गेला, तो प्रेक्षकांनी पाहिला, टाळ्याही पडल्या आणि तरी लिफ्ट बाद झाली, असं या खेळात नेहमी घडतं. ताकद लागतेच, पण ती ताकद पंचांना नियमात बसवून दाखवता यावी लागते.

प्रत्येकीला तीन प्रयत्न मिळतात. एकदा मागितलेलं वजन पुढच्या प्रयत्नात कमी करता येत नाही. म्हणून पहिला आकडा फार विचार करून सांगावा लागतो. तो मोठा सांगितला आणि तिन्ही प्रयत्न बाद गेले, तर चार वर्षांच्या तयारीनंतर नावापुढे काहीच लागत नाही. सकिनाने ९० ने सुरुवात केली, ९३ बाद गेल्यावर घाबरून न जाता तेच वजन पुन्हा मागितलं आणि ते नियमात बसवलं. अनुभवी खेळाडू असाच निर्णय घेते.

एकाच गटात अनेक शरीरं

मैदानी खेळांत अपंगत्वाच्या प्रकारानुसार आणि तीव्रतेनुसार वेगळे वर्ग असतात. नांदेड जिल्ह्यातली भाग्यश्री जाधव गोळाफेकीत एफ-३४ या वर्गात खेळते, ते याच पद्धतीमुळे. पॉवरलिफ्टिंगमध्ये अशी विभागणी नाही. पात्र ठरलेल्या सगळ्या स्त्रिया फक्त शरीराच्या वजनानुसार विभागल्या जातात. पॅरिसच्या स्पर्धेपर्यंत हे गट दहा होते: ४१, ४५, ५०, ५५, ६१, ६७, ७३, ७९, ८६ किलो आणि ८६ च्या वरचा खुला गट. पोलिओ झालेली, मणक्याला मार बसलेली, पाय गमावलेली, जन्मतः उंची खुंटलेली अशा सगळ्या जणी एकाच यादीत असतात.

पात्र कोण? स्नायूंची ताकद कमी असणं, सांध्यांची हालचाल अडलेली असणं, अवयव नसणं, दोन पायांच्या लांबीत फरक असणं, उंची खुंटलेली असणं आणि मेंदूशी निगडित तीन प्रकारचे स्नायुदोष अशी आठ कारणं मान्य आहेत. दृष्टिदोष, कर्णबधिरता किंवा बौद्धिक अपंगत्व असलेल्यांना हा खेळ या स्पर्धांत खेळता येत नाही. शिवाय कोपर जवळजवळ सरळ व्हायला हवं. त्यात २० अंशांपेक्षा जास्त कमतरता असेल तर खेळाडू अपात्र ठरते, कारण कोपर ताठ झाल्याशिवाय लिफ्ट पूर्णच होत नाही. ही तपासणी प्रशिक्षित वर्गीकरण मंडळ करतं. सरकारी दाखला हातात असला तरी ही परीक्षा वेगळी द्यावी लागते, हे खेडेगावातल्या अनेक पालकांना फार उशिरा कळतं.

वजनगटामुळे एक वेगळंच गणित तयार होतं. पोलिओने पाय बारीक राहिलेल्या स्त्रीचं वजन ५० किलो असेल, तर त्यातला मोठा वाटा छाती, पाठ आणि दंडांत असतो. उंची खुंटलेल्या स्त्रीचे हात आखूड असतात, त्यामुळे बारला कमी अंतर कापावं लागतं. मणक्याला इजा झालेल्या स्त्रीला मात्र कंबरेवरचा ताबाच कमी असतो. पाठ ताणून छाती वर उचलणं आणि बेंचवर तोल राखणं यासाठी तिला वेगळं शिकावं लागतं. एक पाय मांडीतून नसलेली स्त्री बेंचवर एका बाजूला कलू शकते. म्हणून प्रशिक्षकाला छापील तक्ता पुरत नाही, प्रत्येक शरीर नव्याने समजून घ्यावं लागतं.

या खेळाडूंच्या खांद्यांबद्दलही सांगायला हवं. दोन पायांवर चालणाऱ्या खेळाडूचा खांदा दुखावला तर तो महिनाभर सराव बंद ठेवतो आणि बाकीचं आयुष्य चालू राहतं. कुबड्या वापरणाऱ्या किंवा व्हीलचेअर ढकलणाऱ्या स्त्रीचे खांदे हेच तिचे पाय असतात. खाटेवरून खुर्चीवर, खुर्चीवरून मोरीत, तिथून पुन्हा खुर्चीवर असं दिवसभर ती स्वतःचंच वजन उचलत असते. सराव संपला म्हणून तिच्या खांद्यांना विश्रांती मिळत नाही. त्यामुळे घरच्या माणसांनी तिच्या सरावाच्या दिवशी पाण्याची बादली उचलून ठेवली, तर तोही प्रशिक्षणाचाच भाग ठरतो. कमरेखाली संवेदना नसलेल्या खेळाडूला बेंचवर बराच वेळ पडून राहिल्याने कातडीला जखम होऊ शकते आणि ती तिला कळतही नाही. सरावानंतर रोज कातडी तपासणं, हा तिच्या वेळापत्रकातला सक्तीचा भाग असतो.

बशीरहाट, बेंगळुरू, ग्लासगो

सकिनाचा जन्म १९८९ चा. लहानपणीच पोलिओ झाला. शस्त्रक्रिया झाल्या, आणि अंगात बळ यावं म्हणून डॉक्टरांनी पोहायला सांगितलं. पाण्यात शरीराचा भार कमी होतो आणि खांदे कामाला लागतात. पोलिओ झालेल्या मुलांसाठी पोहणं हा उपचारही असतो आणि खेळाची पहिली ओळखही. सकिना पोहण्याच्या स्पर्धांत उतरली, जिंकली आणि २०१० च्या सुमारास वजन उचलण्याकडे वळली.

त्यासाठी तिने बंगाल सोडलं आणि ती बेंगळुरूला गेली. तिथे तिला फरमान बाशा यांचं मार्गदर्शन मिळालं. बाशा स्वतः पोलिओग्रस्त आणि ४९ किलो गटातले आंतरराष्ट्रीय लिफ्टर. २०१६ च्या रिओ पॅरालिम्पिकमध्ये ते चौथे आले. ज्याला बेंचवर पाय पसरून झोपण्याचा अनुभव आहे असा माणूस शिकवायला मिळणं, ही सकिनाच्या कारकिर्दीतली निर्णायक गोष्ट मानावी लागेल. जिद्द तिच्याकडे बशीरहाटमध्येही होतीच. बेंगळुरूत तिच्या जिद्दीला दिशा दाखवणारा माणूस भेटला.

२०१४ मध्ये ग्लासगोच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ६१ किलोपर्यंतच्या हलक्या गटात तिने कांस्यपदक मिळवलं. राष्ट्रकुल स्पर्धेत पदक मिळवणारी ती भारताची पहिली पॅरा महिला खेळाडू. तिच्या नावापुढे ८८.२ असा आकडा लागला. राष्ट्रकुल स्पर्धेत खेळाडू कमी असतात, म्हणून वेगवेगळ्या वजनांच्या खेळाडूंना हलका आणि भारी अशा दोनच गटांत घेतात. उचललेल्या किलोंना शरीराच्या वजनाचा हिशेब लावून गुण काढतात आणि त्यावर क्रमांक ठरतो. २०१८ मध्ये जकार्ताच्या आशियाई पॅरा स्पर्धेत ५० किलो गटात तिला रौप्यपदक मिळालं. मग २०२१ मध्ये टोकियोत पाचवा क्रमांक. २०२२ मध्ये बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत भारताचीच मनप्रीत कौर ८९.६ गुणांसह चौथी आणि सकिना ८७.५ गुणांसह पाचवी आली. २०२४ मध्ये पॅरिसला ती ४५ किलो गटात उतरली, ८६ किलो उचलले आणि सातवी आली.

टोकियोत ९३ आणि पॅरिसमध्ये ८६ हे आकडे शेजारी ठेवले की ती घसरली असं वाटेल. पण गटाच्या मर्यादेशी ताडून पाहा. ५० किलोच्या गटात ९३ म्हणजे १.८६ पट, ४५ किलोच्या गटात ८६ म्हणजे १.९१ पट. वयाच्या पस्तिशीत, अंगावरचं वजन उतरवून, ती आपल्या शरीराच्या मानाने आधीइतकं, किंबहुना थोडं जास्तच उचलत होती. ग्लासगो ते पॅरिस ही दहा वर्षं आहेत. एवढा काळ खांदे शाबूत ठेवून पहिल्या दहांत राहणं ही स्वतंत्र कामगिरी आहे, आणि तिचं मोल पदकांच्या यादीत दिसत नाही.

जग किती पुढे आहे

टोकियोत सकिनाच्या गटात चीनच्या हू दानदान आणि इजिप्तच्या रेहाब अहमद या दोघींनीही १२० किलो उचलले. बरोबरी झाली की जिचं शरीराचं वजन कमी तिला वरचा क्रमांक, या नियमाने हूला सुवर्ण मिळालं. ब्रिटनच्या ऑलिव्हिया ब्रूमने १०७ किलोंसह कांस्य घेतलं. म्हणजे सकिना आणि पदक यांच्यात १४ किलोंचं अंतर होतं. पॅरिसमध्ये ४५ किलो गटात चीनच्या गुओ लिंगलिंगने १२३ किलो उचलले, म्हणजे गटमर्यादेच्या २.७३ पट. त्याच स्पर्धेत ६७ किलो गटात तमिळनाडूची कस्तुरी राजामणी १०६ किलो उचलून आठवी आली.

हे अंतर फक्त पैशाने पडलेलं नाही. नायजेरिया श्रीमंत देश नाही, तरी या खेळात स्त्रियांच्या गटांत त्याचा दरारा आहे. ग्लासगोत सकिनाच्या गटातलं सुवर्ण नायजेरियाच्या एस्थर ओयेमाने जिंकलं होतं. तिथे एकीच्या मागे दुसरी तयार होत राहते. आपल्याकडे एक सकिना पुढे येते आणि तिच्या मागे बराच काळ कुणी दिसत नाही. अलीकडे हे बदलू लागलंय. २०२३ मध्ये हांगझोऊच्या आशियाई पॅरा स्पर्धेत ६१ किलो गटात झैनब खातूनने ८५ किलोंसह रौप्य आणि राजकुमारीने ८४ किलोंसह कांस्य मिळवलं. एकाच गटात दोन भारतीय स्त्रिया पदकाच्या मंचावर होत्या आणि दोघींमध्ये फक्त एका किलोचा फरक होता. घरातच अशी चुरस असली की पुढचे किलो लवकर वाढतात.

पोलिओनंतरची पिढी

भारतातल्या या खेळाचा इतिहास बऱ्याच अंशी पोलिओ झालेल्या पिढीने लिहिला. २००४ मध्ये अथेन्सला ५६ किलो गटात १५७.५ किलो उचलून कांस्यपदक आणणारे राजिंदरसिंग राहेलू, फरमान बाशा, सकिना आणि २०२२ मध्ये बर्मिंगहॅमला २१२ किलो उचलून सुवर्ण मिळवणारा हरियाणाचा सुधीर, या सगळ्यांना लहानपणी पोलिओ झाला होता.

महाराष्ट्राचाही या वाटेवर मोठा वाटा आहे. नागपूरचे विजय भालचंद्र मुनीश्वर यांना पॅरा पॉवरलिफ्टिंगसाठी २००० चा अर्जुन पुरस्कार मिळाला आणि प्रशिक्षक म्हणून केलेल्या आयुष्यभराच्या कामासाठी २०२० चा द्रोणाचार्य पुरस्कार. खेळाडू आणि गुरू या दोन्ही नात्यांनी देशाने गौरवलेला माणूस आपल्या राज्यात आहे. बेंगळुरूत सकिनाला जे मिळालं ते देऊ शकेल अशी परंपरा मराठी मुलुखात आधीच रुजलेली आहे.

भारतात पोलिओचा शेवटचा रुग्ण जानेवारी २०११ मध्ये हावड्यात सापडला आणि मार्च २०१४ मध्ये देश पोलिओमुक्त जाहीर झाला. ही फार मोठी आनंदाची गोष्ट. खेळाच्या दृष्टीने तिचा अर्थ असा की यापुढच्या लिफ्टर वेगळ्या वाटेने येतील. कुणी रस्त्यावरच्या अपघातात पाय गमावलेली असेल, कुणी झाडावरून किंवा विहिरीत पडून मणक्याला मार बसलेली, कुणी सेरेब्रल पाल्सी घेऊन जन्मलेली. लहानपणापासून अपंगत्वाबरोबर वाढलेल्या मुलीला आपलं शरीर ठाऊक असतं. विसाव्या वर्षी अपघात झालेल्या मुलीला ते पहिल्यापासून शिकावं लागतं. अशा मुलीला खेळाची बातमी रुग्णालयातच मिळायला हवी.

पॅरा खेळांची चळवळ मुळात तिथेच सुरू झाली. १९४८ मध्ये इंग्लंडच्या स्टोक मँडव्हिल रुग्णालयात डॉ. लुडविग गुटमन यांनी मणक्याला इजा झालेल्या रुग्णांच्या स्पर्धा घेतल्या. १९६४ च्या टोकियो पॅरालिम्पिकमध्ये मणक्याला इजा झालेल्या पुरुषांसाठी वजन उचलण्याची स्पर्धा झाली. स्त्रियांना हा खेळ पॅरालिम्पिकमध्ये खेळायला मिळाला तो २००० मध्ये सिडनीला, म्हणजे छत्तीस वर्षांनी. आपल्या सांगली जिल्ह्यातले मुरलीकांत पेटकर १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून जखमी झाले, उपचार म्हणून पोहू लागले आणि १९७२ मध्ये हायडेलबर्गला ५० मीटर फ्रीस्टाइलमध्ये त्यांनी भारताला पॅरालिम्पिकचं पहिलं सुवर्ण मिळवून दिलं. सकिनाही डॉक्टरांच्या सांगण्यावरून पाण्यात उतरली होती. दोघांनाही खेळाची पहिली चिठ्ठी दवाखान्यातूनच मिळाली.

तिसगावातून पाहिलं तर

पाथर्डी तालुक्यातलं तिसगाव अहिल्यानगरहून करंजी घाट उतरून पाथर्डीकडे जाणाऱ्या महामार्गावर आहे. जवळच कानिफनाथांची मढी. यात्रा-जत्रांत कुस्त्यांचा हगामा भरावा, तालमीत जोर-बैठका माराव्यात, ही या भागाची जुनी रीत. दंडाच्या ताकदीचं मोल इथे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. स्त्रियांच्या ताकदीचंही नाही. या तालुक्यातून हजारो कुटुंबं ऊसतोडीला जातात आणि उसाची मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रकमध्ये चढणारी बाई इथल्या प्रत्येकाने पाहिलेली असते. अपंग मुलीच्या वाट्याला मात्र दोनच गोष्टी येतात, घरच्यांची काळजी आणि लोकांची कीव. तिला कुणी वजन उचलायला सांगत नाही. उलट, उचलू नकोस, पडशील, असंच ती ऐकत मोठी होते.

अशी एक सोळा वर्षांची मुलगी तिसगावात आहे असं धरू आणि तिला बेंचपर्यंत न्यायचा रस्ता पावलापावलाने पाहू.

पहिलं पाऊल दाखल्याचं. दिव्यांग हक्क कायदा २०१६ मध्ये अपंगत्वाचे २१ प्रकार मानले आहेत. ४० टक्के किंवा त्याहून जास्त अपंगत्व असेल तर बहुतेक सवलती मिळतात. त्यासाठी सरकारी रुग्णालयातली तपासणी आणि मग यूडीआयडी, म्हणजे दिव्यांगांचं ओळखपत्र. अहिल्यानगर शहर चाळीसेक किलोमीटरवर. एसटीत दिव्यांगांना भाड्यात ७५ टक्के सवलत आहे. पण तिकिटाला सवलत असली तरी गाडीची पायरी तेवढीच उंच असते, आणि कॅलिपर घातलेल्या मुलीला ती चढवणारं सोबत कुणीतरी लागतंच. त्या माणसाचा रोजगार त्या दिवशी बुडतो. इथेच अनेक घरांचा उत्साह संपतो.

दुसरं पाऊल जागेचं आणि बेंचचं. गावोगावी तरुणांच्या जिम निघाल्या आहेत. बार, प्लेटा, रॅक हे सामान तिथे असतं. नसतो तो लांब, रुंद बेंच. तो बनवणं अवघड नाही. माप हाती दिलं तर वेल्डिंगच्या वर्कशॉपमध्ये तो तयार होऊ शकतो. पैसाही गावातच आहे. ग्रामपंचायतीने आपल्या उत्पन्नातले ५ टक्के दिव्यांगांसाठी खर्च करायचे, हा राज्य शासनाचा नियम आहे. हा निधी बहुतेक वेळा थोडा थोडा वाटून टाकला जातो. त्यातला एका वर्षाचा काही भाग सगळ्यांच्या संमतीने बेंच, दारापाशी उतार आणि वापरता येईल असं स्वच्छतागृह यांसाठी ठेवला, तर ते पुढे वीस वर्षं कामी येईल.

तिसरं पाऊल माणसांचं. मुलीला खुर्चीवरून बेंचवर घ्यायचं, पायांना पट्टा बांधायचा, बार हातात द्यायचा, चुकला तर पकडायचा. हे करणारं माणूस विश्वासाचं हवं आणि शक्यतो बाई हवी. पुरुषांनी भरलेल्या जिममध्ये मुलीला पाठवायला घरचे कचरतात, हे वास्तव आहे. त्यावर आईला दोष देऊन काही साधत नाही. सकाळची ठरावीक वेळ फक्त मुलींसाठी ठेवावी आणि शाळेतल्या क्रीडाशिक्षिकेला या खेळाचं प्रशिक्षण द्यावं. मग तीच आई स्वतः मुलीला सोडायला येईल.

चौथं पाऊल आहाराचं आणि औषधांचं. भाकरी, कडधान्यं, दूध, अंडी, शेंगदाणे यांवर सुरुवातीची काही वर्षं उत्तम चालतात. बाजारातल्या डब्यांच्या पावडरींबाबत सावध राहायला हवं, कारण काहींत बंदी असलेले पदार्थ मिसळलेले निघतात आणि उत्तेजक चाचणीत दोष खेळाडूच्याच माथी येतो. नेहमीच्या औषधांबद्दलही हेच. अपंग खेळाडूला दुखण्यावर किंवा स्नायूंच्या पेटक्यांवर गोळ्या चालू असू शकतात. त्या गोळ्या बंदी असलेल्या औषधांच्या यादीत येतात का, हे आधीच विचारून घ्यावं लागतं.

पाचवं पाऊल स्पर्धेचं. जिल्हा, राज्य, राष्ट्रीय असे टप्पे आहेत. डिसेंबर २०२३ मध्ये दिल्लीत पहिल्या खेलो इंडिया पॅरा स्पर्धा झाल्या आणि त्यांतल्या सात खेळांत पॉवरलिफ्टिंग होतं. दुसरी स्पर्धा मार्च २०२५ मध्ये झाली. राष्ट्रीय पातळीवर नाव झालं की वर्गीकरण, शिबिर आणि परदेशी स्पर्धांचा मार्ग खुला होतो. महाराष्ट्रात खेळाडूंना सरकारी नोकरीत ५ टक्के आरक्षण आहे आणि शिवछत्रपती पुरस्कारात दिव्यांग खेळाडूंचा वेगळा विचार होतो. शेतीवर आणि ऊसतोडीवर चालणाऱ्या घराला मुलीच्या खेळात नोकरीची शक्यता दिसणं फार महत्त्वाचं आहे. त्या शक्यतेमुळे बाप दोन वर्षं थांबायला तयार होतो.

ताकद कुणाची, जबाबदारी कुणाची

अपंग खेळाडूंबद्दल लिहिताना आपण बहुधा जिद्दीचे गोडवे गातो. जिद्द खरी आहे आणि तिचा आदर करायलाच हवा. पण सारं श्रेय जिद्दीला दिलं की एक अन्याय घडतो. जी मुलगी पोहोचली नाही तिच्यात जिद्द कमी होती, असा त्याचा अर्थ निघतो. तिसगावातल्या त्या मुलीची वाट पाहा. पाच पावलांपैकी एकही पाऊल तिच्या एकटीच्या हातात नाही. दाखला डॉक्टरच्या हातात आहे, पायरी एसटीच्या, बेंच ग्रामपंचायतीच्या, वेळ जिमवाल्याच्या, माहिती शाळेच्या. तिच्या हातात आहे तो फक्त बार, आणि तो तिला मिळेपर्यंत बाकीच्यांनी आपापलं काम केलेलं असायला हवं.

बेंचवर कुणालाही सवलत मिळत नाही आणि ती मिळूही नये. छातीवरचा थांबा चीनच्या खेळाडूला जेवढा, तेवढाच तिसगावच्या मुलीला. तीन दिवे सगळ्यांसाठी सारखेच लागतात. या खेळाचा हा न्याय सुंदर आहे. आपल्याला दुरुस्त करायचा आहे तो त्याच्या आधीचा सगळा भाग. दिव्यांग हक्क कायद्याच्या कलम ३० मध्ये खेळाच्या सोयी अपंगांना वापरता येतील अशा करण्याची जबाबदारी शासनावर टाकली आहे. तालुका क्रीडा संकुलं हे त्यासाठीचं योग्य ठिकाण. प्रत्येक संकुलात मापाचा एक बेंच, एक प्रशिक्षित शिक्षिका आणि आठवड्यातून ठरलेले दिवस, एवढ्याने सुरुवात होऊ शकते. जिल्हा रुग्णालयातल्या अपंगत्व तपासणीच्या दिवशी तिथेच क्रीडा कार्यालयाचा एक माणूस बसवला, तर शेकडो मुलींना या खेळाचं नाव पहिल्यांदा कळेल.

सकिनाने बशीरहाट ते बेंगळुरू हा प्रवास केला, कारण जवळ काही नव्हतं. पुढच्या पिढीतल्या मुलीला एवढ्या लांब जावं लागू नये, यातच तिच्या कारकिर्दीचा खरा सन्मान आहे. पदकांचा हिशेब आपण दर चार वर्षांनी मांडतो. त्याच्या जोडीला आणखी एक हिशेब दरवर्षी मांडला जावा: या वर्षी प्रत्येक तालुक्यात किती मुली पहिल्यांदा त्या बेंचवर झोपल्या आणि त्यांतल्या किती जणी दुसऱ्या वर्षीही येत राहिल्या.